आधी वॉचमनला कळलं होतं

मंडळी, मला विषय दिलाय "स्मृतिभ्रंश आणि घर", पण मी घरापेक्षा घराच्या दाराबाहेरच्या माणसांबद्दलच जास्त बोलणार आहे. आमच्या सासूबाईंना, म्हणजे आईंना, आठ वर्षं डिमेन्शिया, म्हणजे हाच स्मृतिभ्रंश, होता आणि त्यातली पहिली अडीच वर्षं आम्ही ते दार घट्ट लावून घेतलं होतं, कुणाला म्हणजे कुणाला सांगितलं नाही, अगदी माझ्या सख्ख्या बहिणीलासुद्धा नाही.

सुरुवात कशी झाली ते सांगते. आमच्याकडे दुधाचा हिशोब कालनिर्णयवर, त्या तारखेच्या चौकटीत, आई वर्षानुवर्षं लिहायच्या. एकदा महिन्याचं बिल द्यायला मी पान बघितलं तर एकाच तारखेला "२ लि." चार वेळा लिहिलेलं, आणि पुढचे सहा दिवस कोरे. मी काय केलं, तर शेजारी पेन्सिलने दुरुस्त करून टाकलं आणि गप्प बसले. मग आमटीत मीठ दोनदा, गॅस चालू ठेवून बाहेर गॅलरीत, बटवा सापडत नाही म्हणून कामवाल्या मावशींवर संशय, आणि नातेवाईक म्हणणार, अगं वयच झालं त्यांचं, साठी बुद्धी नाठी. ही म्हण मला आता कुणी बोललं ना की मी तिथल्या तिथे थांबवते, कारण त्या म्हणीपायी आमची अडीच वर्षं गेली.

वयाचंच असतं तर सगळ्यांना झालं असतं ना. आपल्या देशाचा अभ्यास २०२३ मध्ये प्रसिद्ध झालाय, साठीच्या वरच्या दर १०० जणांत साधारण ७ जणांना डिमेन्शिया, म्हणजे ८८ लाख माणसं. खूप आहेत, पण ९३ जणांना नाहीये हेही त्यातच आलं. आणि ज्या बाईंमुळे अल्झायमर, म्हणजे डिमेन्शियाचा सगळ्यात जास्त दिसणारा प्रकार, हा आजार ओळखला गेला त्या १९०१ मध्ये फ्रँकफर्टच्या इस्पितळात दाखल झाल्या तेव्हा जेमतेम ५१ वर्षांच्या होत्या. त्या १९०६ मध्ये गेल्यावर डॉ. अल्झायमरनी त्यांचा मेंदू तपासला आणि त्यात प्रथिनांचे जे साठे आणि गाठी दिसल्या ते मांडलं. मेंदूत दिसणारी गोष्ट आहे ही, स्वभाव नाही, हट्ट नाही, आणि म्हातारचळ तर नाहीच नाही.

तेव्हा पहिलं काम डॉक्टर. विसरायला होणं म्हणजे दरवेळी अल्झायमरच असं नसतं. बी १२ व्हिटॅमिन कमी असेल, आणि आपल्यातल्या शाकाहारी लोकांमध्ये ते कमी असतंच बऱ्याचदा, थायरॉइड असेल, डिप्रेशन असेल, झोपेच्या गोळ्या असतील, डोक्याला मार लागून आत रक्त साठलेलं असेल, या सगळ्यावर उपाय आहेत. आणि माणूस एकदोन दिवसांत अचानक भ्रमिष्टासारखं बोलायला लागला तर लघवीचं इन्फेक्शन आहे का ते आधी बघा, आईंना दोनदा तसं झालं आणि दोन्ही वेळा औषधाने चार दिवसांत त्या पुन्हा होत्या तशा झाल्या. अल्झायमरच्या गोळ्यांनी आजार बरा होत नाही, काही जणांना काही काळ थोडी मदत होते, एवढंच. या हॉलमध्ये ज्यांना ऐकू कमी येतं आणि कानाचं मशीन कपाटात आहे, त्यांना हात जोडून विनंती, ते लावा. लॅन्सेट या वैद्यकीय नियतकालिकाच्या तज्ज्ञ कमिशनने २०२४ मध्ये डिमेन्शियाचा धोका वाढवणारी, आपल्या हातात असणारी जी १४ कारणं सांगितली त्यात कमी ऐकू येणं आहे, बीपी, शुगर आहे, आणि एकटं पडणंही आहे.

आता तो दिवस. जुलै महिना, पाऊस, दुपारी चार वाजता आई घरातून गेल्या. आम्ही कोथरूडला, आईंचं माहेर नारायण पेठेतलं. रिक्षावाल्याला त्यांनी व्यवस्थित सांगितलं, मोदी गणपतीपाशी सोड, पैसे दिले, उतरल्या, आणि जिथे त्यांचा वाडा होता तिथे आता पाच मजली बिल्डिंग आहे, त्या बिल्डिंगच्या फाटकासमोर तीन तास उभ्या राहिल्या. तिथल्या फुलवाल्या ताईंनी त्यांना बघितलं होतं, त्यांना वाटलं कुणाची तरी वाट बघतायत. आणि खरंच बघत होत्या, त्यांच्या वडिलांची.

इकडे माझे मिस्टर मोबाइलवर फोटो घेऊन सोसायटीत मजल्या-मजल्यावर फिरत होते. आमच्या घराने पहिल्यांदा तोंड उघडलं ते असं, आई हरवल्यावर. आणि खाली वॉचमनकाका काय म्हणाले, "आज्जी तर रोज विचारतात मला, नारायण पेठेची बस कुठून मिळंल. मी म्हणायचो आज बस बंद हाय आज्जी, उद्या जावा, की परत वर जायच्या." म्हणजे किती महिने हा माणूस रोज आमच्या आईंना परत घरी पाठवत होता, आणि आम्हाला पत्ता नाही. त्या दिवशी दुपारी नेमकी त्यांची सुट्टी होती.

हे ऐकून मी जिन्यात बसले आणि रडले. लाज वाटली. आम्ही झाकून ठेवत होतो ती गोष्ट खाली गेटवर आधीच माहीत होती, आणि माहीत असलेला माणूस आपणहून, कुणी न सांगता, योग्य ते करत होता.

दुसऱ्या दिवसापासून आम्ही सांगत सुटलो. वाण्याला सांगितलं, आई रोज किलोभर साखर नेतील, नेऊ द्या, पैसे मागू नका, संध्याकाळी मी परत आणून देते, तर त्यांनी एक पिशवीच बाजूला काढून ठेवली, तीच साखर दीड वर्ष येत-जात होती. रिक्षा स्टँडवर माझा नंबर दिला. सोसायटीच्या ग्रुपवर फोटोसकट लिहिलं. लक्ष्मी रोडवरच्या सराफाकडून चांदीच्या कड्यावर फोन नंबर कोरून घेतला, गळ्यातलं कार्ड त्या काढून टाकायच्या पण बांगडी कधी काढली नाही. त्यानंतर आई सहा वेळा बाहेर गेल्या आणि सगळ्यात जास्त वेळ लागला तो चाळीस मिनिटं.

लोक काय म्हणतील याची मला फार भीती होती. एकदोघी म्हणाल्याही. पण बाकी सगळे वाटच बघत असल्यासारखे होते की कुणीतरी सांगावं, नक्की काय करायचं. जपानमध्ये या आजाराला जो जुना शब्द होता तो अपमान करणारा होता म्हणून २००४ मध्ये सरकारने तो बदलला, आणि २००५ पासून दुकानदार, बँकेतले लोक, शाळेतली मुलं यांना थोडा वेळ बसवून या आजाराबद्दल शिकवायला सुरुवात केली. आपल्या पेठांमध्ये, सोसायट्यांमध्ये हे करायला कुणाची परवानगी लागते?

आता पुराचं सांगते, कारण इथे बसलेल्यांपैकी बऱ्याच जणांनी पानशेत बघितलंय. १२ जुलै १९६१ ला आई अठरा वर्षांच्या होत्या. आजार वाढला तसा तो पूर परत आला, गच्चीवरची टाकी भरून वाहायला लागली की त्या उठायच्या, कपडे पिशवीत भरायच्या, पाणी आलं, वर चला. माझे मिस्टर समजावायचे, आई अगं त्याला पन्नासच्या वर वर्षं झाली, आता कुठलं पाणी. त्यावर त्या अजून घाबरायच्या, कारण त्यांच्या दृष्टीने पाणी दारात होतं आणि पोटचा मुलगा ऐकत नव्हता. मेंदूचा नवीन आठवणी साठवणारा भाग आधी खचतो, जुनं बराच काळ टिकतं, म्हणून त्या खोटं बोलत नव्हत्या, त्या खरंच तिथे होत्या. नंतर मी म्हणायला लागले, "आई, पाणी ओसरलं, सगळे वर आहेत, दादा पण आलेत." दादा म्हणजे त्यांचे वडील. मग हात धरून बसायचं, दहा मिनिटांत शांत. मला कुणी विचारतं की हे फसवणं नाही का. मी खूप विचार केलाय यावर, आणि मला वाटतं घाबरलेल्या माणसाला एकटं सोडणं हे जास्त वाईट आहे.

आणखी एक, जे पुण्यात आत्ता सगळीकडे चाललंय आणि यावर कुणी बोलत नाही, ते म्हणजे रीडेव्हलपमेंट. २०१९ मध्ये आमची बिल्डिंग पाडायला घेतली आणि आम्ही भाड्याच्या फ्लॅटमध्ये गेलो. चाळीस वर्षं आईंचे पाय अंधारात उजवीकडे बाथरूमला जायचे, नव्या घरात उजवीकडे कपाट होतं. पहिल्या आठवड्यात काय काय झालं ते तुम्ही समजून घ्या. बघणारे म्हणाले आजार एकदम वाढला. थोडा धक्का बसलाही असेल, पण बरंचसं घर बदलल्यामुळे होतं. मग आम्ही त्यांची कॉट जुन्या घरासारखी, उशी त्याच भिंतीला, शेजारी तोच स्टूल, देव्हारा पलंगावरून दिसेल असा लावला, बाथरूमच्या दाराला गडद निळा रंग दिला, आत रात्रभर दिवा, आणि आरसा काढून टाकला कारण त्यातली बाई कोण म्हणून त्या घाबरायच्या. महिन्याभरात निम्मा त्रास कमी झाला. तुमच्या सोसायटीत रीडेव्हलपमेंटच्या मीटिंग चालू असतील तर पार्किंगबद्दल भांडता तसं याबद्दलही विचारा, की अशी माणसं किती घरात आहेत, त्यांना भाड्याची जागा जवळपास, त्याच गल्लीत मिळेल का, म्हणजे वाणी तोच, देऊळ तेच राहील. आमच्या वेळी कुणी विचारलं नाही, मीसुद्धा नाही.

कागदपत्रांचं पटकन सांगते. मृत्युपत्र, बँकेतलं जॉइंट खातं, सगळं सुरुवातीलाच, त्यांना कळतंय तोवर करा. मुखत्यारपत्र केलंय म्हणून निर्धास्त राहू नका, माणसाची समज गेली की आपल्याकडे तेही चालत नाही. आईंची सही बदलली तेव्हा एका बँकेत आम्हाला त्यांना व्हीलचेअरवरून तीनदा न्यावं लागलं. कुठे विचारावं कळत नसेल तर ज्येष्ठांसाठी १४५६७ ही एल्डरलाइन आहे, फोन फुकट आहे.

आणि सांभाळणाऱ्या बाईबद्दल, बहुतेक घरात ती बाईच असते, एक सांगते. रात्री तीनला चौथ्यांदा उठवल्यावर मी एकदा आईंवर ओरडले, हात ओढला. ते अजून माझ्या डोळ्यासमोर आहे. दुसऱ्या दिवशी वरच्या मजल्यावरच्या काकूंना सांगितलं, त्या काहीच बोलल्या नाहीत, पण त्यानंतर दर मंगळवारी आणि शुक्रवारी विणकाम घेऊन दोन तास आईंपाशी बसायच्या आणि मला म्हणायच्या, जा, झोप जा. नुसतं "काही लागलं तर सांग" म्हणू नका हो कुणाला. वार सांगा, वेळ सांगा.

आई २०२२ मध्ये गेल्या, घरीच. माझं बोलणं झालं. मागे दाराशी वॉचमनकाका उभे आहेत, मी त्यांना आज मुद्दाम घेऊन आले आहे. बस बंद आहे असं रोज कसं सांगायचं, कुठल्या आवाजात सांगायचं, हे त्यांना माझ्यापेक्षा जास्त चांगलं येतं. काका, पुढे या, माइक घ्या.