वाग्लाचे नातेवाईक कुठे राहतात?

मंडळी, आधी नकाशा डोळ्यासमोर आणू. घानाच्या उत्तर भागात, पश्चिमेकडच्या सीमेजवळ सावला नावाचं गाव आहे. तिथे तिठा लागतो, एक रस्ता वर वा शहराकडे जातो, एक खाली बोलेकडे आणि एक पूर्वेला दामोंगोकडे. या तिठ्याच्या आसपास वाग्ला बोलतात. जुन्या मोजणीप्रमाणे बोलणारे १४,०००च्या आसपास, म्हणजे आपल्याकडच्या एखाद्या तालुक्याच्या गावाएवढे. पण ही कुणाची बोलीबिली नाही हं, चांगली स्वतंत्र भाषा आहे.

आता गंमत अशी की या मुलखावर पिढ्यानपिढ्या राज्य केलं गोंजा लोकांनी, आणि गोंजा भाषा पडते ग्वांग गटात, म्हणजे तिचं जवळचं नातं दक्षिणेच्या आकान वगैरे भाषांशी. वाग्ला मात्र गुर कुळातली. नायजर-काँगो नावाचं जे अवाढव्य कुळ आहे त्यात दोघीही बसतात, पण तसं म्हटलं तर मराठी आणि इंग्रजीसुद्धा एकाच कुळातल्या.

तुम्ही म्हणाल, हे ठरवतात कसं? वाग्लात 'त्याने सुरीने मांस कापलं' हे सांगायचं तर 'तो घे सुरी काप मांस' अशी रचना होते. 'ने' नाही, 'घेऊन'मधला 'ऊन' नाही, दोन क्रियापदं एकापुढे एक ठेवली की झालं काम. दिसायला फार मस्त आहे हे, पण यावरून नातं ठरवायला गेलात तर फसाल, कारण असल्या क्रियापदांच्या माळा आकानमध्येही आहेत, एवेमध्येही आहेत, पश्चिम आफ्रिकेत बऱ्याच ठिकाणी आहेत. शेजारी राहून लागलेली सवय आणि रक्ताचं नातं यात फरक करावा लागतो.

नातं दिसतं ते नामांत. गुर भाषांत नामांचे वर्ग असतात, आपल्या तीन लिंगांपेक्षा बरेच जास्त, आणि वर्गाची खूण शब्दाच्या शेवटी लागते. बुर्किना फासोतली मोरे घ्या, गुर कुळातली सगळ्यात मोठी भाषा. 'बीगा' म्हणजे मूल, 'बीसी' म्हणजे मुलं. 'तीगा' झाड, 'तीसे' झाडं. त्यांचं स्वतःचं नावही याच साच्यातलं, एक माणूस असला तर मोआगा, अनेक असले तर मोसे, आणि भाषा मोरे. म्हणजे मूळ धातू तोच, वळण बदलतं शेपटाला. आणि गोंजात? तिथे वर्गाची खूण शब्दाच्या तोंडाला लागते, बांटू भाषांसारखी. वाग्लात वर्गांची घडी मोरेइतकी ठसठशीत उरलेली नाही, पण अनेकवचन शेवटालाच होतं. एकाच बाजारात दोन भाषा शेजारी शेजारी बोलल्या जातात, एक पुढून बदलते आणि एक मागून. मला हे जाम आवडतं!

कुळाला 'गुर' हे नाव गॉटलोब क्राउझे या जर्मन अभ्यासकाने १९व्या शतकाच्या अखेरीस दिलं, कारण गुर्मा, गुरुन्सी, गुरेने अशी 'गुर'ने सुरू होणारी नावं त्याला तिथे सारखी भेटत होती. यातल्या गुरुन्सीवरूनच ग्रुसी हे उपकुळाचं नाव आलं, वाग्ला त्यातलीच. पण गुरुन्सी हे बाहेरच्यांनी ठेवलेलं नाव, आणि ज्यांना ते चिकटलं त्यांच्यावर गुलाम पकडणाऱ्या टोळ्या धाडी घालायच्या. १९व्या शतकाच्या शेवटी बाबातू नावाच्या सरदाराने त्या भागात धुमाकूळ घातला होता, सिसाला लोकांच्या ग्वोलू गावात बचावासाठी बांधलेल्या भिंतीचे अवशेष अजून दाखवतात. आणि या भाषांचे सुरुवातीचे शब्दसंग्रह झाले कुठे, तर पार सिएरा लिओनमधल्या फ्रीटाउनला! जहाजांवरून सोडवलेल्या गुलामांना तिथे उतरवायचे, सिगिस्मुंड कोएले नावाच्या मिशनऱ्याने त्यांना एकेक शब्द विचारून याद्या केल्या आणि १८५४ साली छापल्या, त्यात मोरे आहे, ग्रुसीतली कासेमही आहे.

वाग्लाचे सख्खे म्हणजे सिसाला, चाकाली, ताम्पुल्मा, देग. जरा लांबची बहीण टोगोतली काबिये. काबियेचं नशीब बघा, टोगोचे तेव्हाचे राष्ट्राध्यक्ष एयादेमा हे स्वतः काबिये समाजाचे होते, आणि त्यांच्या राजवटीत १९७५च्या शिक्षण सुधारणेत एवेबरोबर काबिये राष्ट्रीय भाषा झाली. घानात सरकारी आधार असलेल्या ११ भाषांची यादी आहे, त्यात गुर कुळातल्या तीन आहेत, दगबानी, दगारे आणि कासेम. गोंजाही आहे. वाग्ला नाही. वाग्लाचा ध्वनींचा अभ्यास, लिपी, वाचायला शिकवायची पुस्तकं हे काम १९६०च्या दशकापासून मुख्यतः बायबल भाषांतर करणाऱ्या भाषातज्ज्ञांनी केलं. त्यांचा हेतू धर्मप्रसाराचा होता हे उघड आहे, त्यावर ज्याला जे म्हणायचं ते म्हणावं. पण यादीप्रमाणे गेलं तर सावलाच्या पोराला शाळेत 'स्थानिक भाषा' म्हणून राज्यकर्त्यांची गोंजाच मिळणार, जी त्याच्या आजीच्या भाषेपासून टोगोतल्या काबियेपेक्षाही लांबची आहे.