माळवदावरचा मूकपट

(माळवदांचं वरून घेतलेलं दृश्य, उन्हं कललेली.)

तुळजापूर तालुक्यातलं हे गाव. एका घराच्या माळवदाची, म्हणजे सपाट छपराची, माती कुठं संपते आणि शेजाऱ्याची कुठं लागते, वरून कळत नाही. कुरडया वाळवायच्या इथंच, भांडणंही इथंच.

आज इथं मूकपट आहे. बस्टर कीटनचा 'नेबर्स', १९२० सालचा, दोन रिळांचा. पाठीला पाठ लागलेली दोन घरं, मधे लाकडी कुंपण. या घरचा पोरगा, त्या घरची पोरगी. फळीच्या भोकातून चिठ्ठ्या जातात, वर कपडे वाळवायची दोरी. मूकपटांना शेजारी सोयीचेच: एक अंगण उभं केलं की भांडण समजवायला शब्द लागत नाहीत.

पडदा बांधतानाची धांदल कॅमेऱ्यात नाही, आम्हीच उशिरा पोचलो. पण हे बघा.

(शेगडी, संबळ, हात.)

इंटरनेटवर हा चित्रपट पियानोसकट मिळतो. तो पियानो आम्हाला नको होता. हे गोंधळी मामा. लहान-मोठी दोन भांडी जोडून बांधलेली, वर कातडं. गारव्यानं ते सैल पडतं, म्हणून शेकणं चाललंय. शेकायचं, काडीनं टिचकी मारून ऐकायचं, पुन्हा शेकायचं. मामांनी दुपारीच मोबाइलवर आवाज बंद करून चारदा चित्रपट बघितलाय. पोरीचा बाप चिडतो तिथं ठेका कुठला, यावरून तुणतुणं धरणाऱ्या धाकट्या भावाशी वादही झाला. "आईच्या आरतीचा ठेका त्याला कशाला रं? बाप हाय त्यो, देव न्हाई."

पडद्यावरच्या इंग्रजी पाट्यांचं मराठी सातवीतली ही मुलगी वाचतेय. मूकपटांच्या काळातही प्रेक्षकांत कुणीतरी मोठ्यानं वाचायचंच.

आता तीन माणसं एकमेकांच्या खांद्यावर उभी राहून पोरीच्या खिडकीकडं निघालीत.

(निवेदन बंद. फक्त संबळ आणि चेहरे. २० सेकंद.)

भारतात तेराशेच्या आसपास मूकपट निघाले. अर्धेमुर्धे धरूनही तीसेकच उरलेत. आणि ३० सप्टेंबर १९९३ च्या भूकंपानंतर लातूर-धाराशिवची ५२ गावं नव्या जागी, सुट्या प्लॉटांवर गेली; तिथं माळवदाला माळवद लागत नाही.

मामा संबळाचे दोर सैल करतायत. पोरं अजून पडद्यामागं काय आहे ते बघतायत. या आजी घरी निघाल्या, जिना उतरून नाही, शेजारच्या माळवदावरून.