ती गाणी असतातच

(परदेशातल्या मराठी मंडळाच्या वार्षिक मेळाव्यात केलेल्या भाषणाचं संपादित रूप. पुनरुक्ती काढल्या आहेत. सगळ्या निघाल्या नसाव्यात.)

मंडळी, नमस्कार.

अध्यक्षांनी मला वीस मिनिटं दिली आहेत. निवृत्त शिक्षिकेच्या हातात माईक देऊन वीस मिनिटं सांगणं हे धाडसच आहे, कारण आमचा तास पस्तीस मिनिटांचा आणि घंटा वाजल्याशिवाय थांबायची आम्हाला सवय नाही. तेव्हा कुणीतरी ताटावर चमचा वाजवा.

मगाशी चहाला कळलं की इथे निम्मे ठाणेकर आहेत आणि उरलेल्यांत डोंबिवलीकर बरेच. त्यामुळे पाडव्याच्या स्वागतयात्रेचा विषय मी काढणार नाही. मामलेदारच्या मिसळीचाही नाही, कारण समोरच्या रांगेतले काका आत्ताच पथ्यावर आहेत असं त्यांच्या सौ. म्हणाल्या.

गेल्या जूनमध्ये लेक आणि नातू ठाण्याला आले होते. नातू नऊ वर्षांचा. एका सकाळी आम्ही तिघं नौपाड्यातून राममारुती रोडकडे निघालो होतो. वाटेत माझी शाळा लागते. शाळा नुकतीच सुरू झालेली, पावसामुळे मुलं मैदानाऐवजी व्हरांड्यात दाटीवाटीनं उभी, आणि कर्ण्यावर प्रार्थना चाललेली. ‘ऐ मालिक तेरे बंदे हम’. मी फाटकाशी थांबलेच. एकतीस वर्षं ती प्रार्थना मी पेटीवर वाजवली. मी मराठीची शिक्षिका. संगीताच्या बाई सोडून गेल्या तेव्हा मुख्याध्यापकांनी विचारलं, पेटी कुणाला येते? मी हात वर केला तो निवृत्त होईपर्यंत खाली आला नाही. मुलांचा आवाज पोचेल म्हणून पांढरी चार ही पट्टी धरायची आणि मागच्या रांगेतलं कुणीतरी चक्कर येऊन पडेपर्यंत सगळी कडवी करायची.

नातू म्हणाला, “हे तर आई भांडी लावताना म्हणते.”

मी विचारलं, “कुणी केलंय माहीत आहे का?”

तो म्हणाला, “अशी गाणी कुणी करत नाही गं आजी. ती असतातच.”

आता मास्तरणीसमोर असं बोलून कुणी सुटत नाही. मी तिथेच, छत्री सावरत, त्याला सांगितलं की गाणं आभाळातून पडत नाही, त्याला चाल लावणारा माणूस असतो. या माणसाचं नाव सी. रामचंद्र. लेक बाजूनं चालत होती. ती काही बोलली नाही. लेकी अशा गोष्टी साठवून ठेवतात.

काल रात्री ती साठवण बाहेर आली. आजची कार्यक्रमपत्रिका आमच्याच स्वयंपाकघरात तयार झाली, हे तुमच्यातल्या काहींना ठाऊक आहे. लेकीनं मला वाचायला दिली, शुद्धलेखन बघ म्हणाली. सातव्या क्रमांकावर लिहिलेलं: ‘घनश्याम सुंदरा, पारंपरिक भूपाळी’.

माझा आवाज चढला, कबूल करते. म्हटलं, “पारंपरिक? शब्द शाहीर होनाजीचे आहेत, पण आपण जी चाल म्हणतो ती वसंत देसायांची. ‘अमर भूपाळी’, 1951. माणूस जाऊन पन्नास वर्षं झाली म्हणून पारंपरिक झाला का?”

लेक फोडणीत मोहरी टाकत शांतपणे म्हणाली, “आणि ‘ऐ मालिक’ कुणाचं गं, आई?”

“सी. रामचंद्रांचं. शांतारामबापूंचा चित्रपट म्हटल्यावर…”

तिनं फोन माझ्यासमोर धरला. ‘दो आँखें बारह हाथ’, 1957, संगीत वसंत देसाई. मी धरून बसले होते तो ‘नवरंग’. तो 1959 चा, त्याचं संगीत सी. रामचंद्रांचं. माझी चूक अवघ्या दोन वर्षांची, पण वाहिली मी ती एकतीस वर्षं. लेकीनं वर आठवण करून दिली की एका स्नेहसंमेलनाच्या पत्रिकेतही मी तेच छापलं होतं आणि पेढेही वाटले होते. जावई दाराशी येऊन “वरण उकळतंय” एवढंच म्हणाले आणि परत गेले. शहाणे आहेत.

रात्री झोप लागेना. ‘ती असतातच’ हे त्या पोराचं वाक्य डोक्यात फिरत राहिलं. म्हटलं, ज्याचं नाव आपण चुकवलं त्या माणसाकडे जरा बघू तरी.

वसंत देसाई 1912 साली जन्मले, कुडाळजवळच्या सोनवड्याचे. पोरवयात कोल्हापूरला प्रभात फिल्म कंपनीत दाखल झाले ते संगीतकार म्हणून नव्हे, पडेल ते काम करायला. ‘अयोध्येचा राजा’मध्ये ते गायलेही. त्या चित्रपटाचे संगीतकार गोविंदराव टेंबे. हे टेंबे म्हणजे 1911 च्या ‘मानापमान’ नाटकाला चाली देणारे, म्हणजे रंगभूमीवरून बोलपटात आलेले. पुढे प्रभातमध्येच केशवराव भोळे, मास्टर कृष्णराव हे संगीतकार. त्यांच्या हाताखाली, वाद्यांच्या गराड्यात बसून हा मुलगा शिकला. शांतारामबापू प्रभात सोडून परळला आले, राजकमल हा स्वतःचा स्टुडिओ काढला, आणि 1943 च्या ‘शकुंतला’ला संगीत या हाताखालच्या मुलाचं. मग ‘डॉ. कोटणीस’, ‘लोकशाहीर रामजोशी’, ‘झनक झनक पायल बाजे’. त्यात अमीर खाँसाहेब गायले. शिवकुमार शर्मांचं संतूरही त्याच चित्रपटात वाजलं. अत्र्यांच्या ‘श्यामची आई’चं संगीतही यांचंच. ‘छडी लागे छम छम’ माझ्या वर्गातल्या प्रत्येक तुकडीनं माझ्याकडे बघून म्हटलंय, तेव्हा त्याबद्दल मी अधिक बोलत नाही.

मला खरी गंमत दुसरीकडे वाटली. ‘ऐ मालिक’ चित्रपटात कुणासाठी आहे, आठवतं का? सहा कैद्यांसाठी. खुनी माणसं, उघड्या माळावर शेती करायला आणलेली. त्यांची प्रार्थना आपण उचलली आणि सातवी ‘ब’ला दिली! सातवी ‘ब’ बघितलेल्यांना हा निर्णय पटेल. आणि शाळांमधली दुसरी लाडकी प्रार्थना, ‘हमको मन की शक्ति देना’? ती ‘गुड्डी’ची, 1971 ची. तीसुद्धा देसायांचीच. सोमवारी एक, गुरुवारी दुसरी, असं मी वाजवत होते. दोन्ही एकाच माणसाच्या, चौदा वर्षांच्या अंतरानं केलेल्या, आणि हे मला काल रात्री कळलं. पांढरी चार मात्र अचूक लागायची.

आता नाटकाकडे येते, कारण त्याशिवाय हा माणूस अर्धाच कळतो. 1960 साली विद्याधर गोखल्यांचं ‘पंडितराज जगन्नाथ’ आलं, 1966 ला ‘जय जय गौरीशंकर’. दोन्हींच्या चाली देसायांच्या. चित्रपटात तीनसाडेतीन मिनिटांचं गाणं, पन्नास वादक, आणि एकदा ध्वनिमुद्रण झालं की चाल कायमची थिजली. नाटकात ऑर्गन, तबला आणि गाणारा नट. संगीतकार मुखडा देतो, अंतरा देतो, पुढचं रान नटाचं. आज सर्दी आहे, उद्या वन्समोअर आहे, परवा समोर जाणकार बसलेत म्हणून दोन ताना जास्त. चाल रोज थोडी थोडी गाणाऱ्याची होत जाते. म्हणून आपण म्हणतो, प्रसाद सावकारांचं ‘जय गंगे भागीरथी’. रामदास कामतांचं ‘नारायणा रमा रमणा’. तिकडे चित्रपटात म्हणतो, लताबाईंचं ‘घनश्याम सुंदरा’. म्हणजे एकीकडे चाल थिजते, दुसरीकडे वाहते, आणि दोन्हीकडे ती बांधणारा माणूस विंगेत उभा. पडदा पडल्यावर त्याला बाहेर बोलावलं तर ठीक.

ठाण्याच्या गडकरी रंगायतनला मी ‘पंडितराज’चा एक प्रयोग पाहिला होता. ‘जय गंगे’ला दोनदा वन्समोअर. मध्यंतरात वडा घ्यायला धावलो, तलावाकडून वारा येत होता, आणि रांगेत पुढचे मागचे सगळे तीच ओळ गुणगुणत होते, कुणी वरच्या पट्टीत, कुणी खालच्या, वडेवालाही. त्या रांगेत संगीतकाराचं नाव कुणाच्याही तोंडून ऐकलं नाही. माझ्या तर नाहीच. माझं लक्ष वडे संपतात का याकडे.

आणखी एक सांगते. वेल्लोरची एक मुलगी, बँकेत नोकरी करणारी, लग्न होऊन मुंबईला आलेली. वाणी जयराम. ‘गुड्डी’च्या ‘बोले रे पपीहरा’नं ती देशाला कळली, तेही देसायांचंच. त्याच मुलीला त्यांनी कुमार गंधर्वांच्या शेजारी उभं करून ‘ऋणानुबंधाच्या’ गायला लावलं, बाळ कोल्हटकरांच्या ‘देव दीनाघरी धावला’साठी. ते गाणं इथे प्रत्येक निरोपसमारंभात वाजतं म्हणे. परवाच एका कुटुंबाला निरोप देताना वाजलं आणि सगळे रडले, असं लेक सांगत होती. आणि 1966 साली न्यूयॉर्कला संयुक्त राष्ट्रसंघात एम. एस. सुब्बुलक्ष्मी ‘मैत्रीं भजत’ गायल्या. चाल कुणाची? आता तुम्हीच सांगा. कुडाळजवळच्या गावातनं निघालेला माणूस, आणि तुम्ही कुणी इथे यायच्या आधी त्याची चाल या बाजूला येऊन गेलेली.

देसाई डिसेंबर 1975 मध्ये लिफ्टच्या अपघातात गेले. त्यावर मला काही बोलता येत नाही.

आता थोडं रागावते. आजची पत्रिका हातात घ्या. मोदक कुणाच्या सौजन्यानं, ते आहे. ध्वनिव्यवस्था कुणाची, आहे. फुलांची सजावट, आहे. गाणाऱ्या ताईंचं नाव आहे, कंसात गाव आहे, त्याखाली ‘मूळ गायिका’ आहे. चाल कुणाची, हे पंधरापैकी एकाही गाण्यापुढे नाही. सातव्यापुढे आहे, पण ते काल रात्री साडेअकराला हातानं लिहिलेलं आहे. त्याकडे येते.

दुसरं. चहाच्या टेबलावर एक बाई कौतुकानं सांगत होत्या की त्यांचा मुलगा कीबोर्डवर स्वतःच्या चाली बांधतो. पुढच्याच वाक्यात म्हणाल्या, पण दहावीनंतर बंद करायचंय हो. मी हसले, कारण मी माझ्या लेकीची पेटी दहावीनंतर माळ्यावर टाकली होती. ती अजून तिथेच आहे, भात्याला भोक पडलेली. पडेल ते काम करायला मुलगा स्टुडिओत गेला असता तर माझ्या घरी दोन दिवस चूल पेटली नसती. नाट्यसंगीत मात्र मी भक्तिभावानं ऐकते.

तर आजच्या पत्रिका. वरण निवल्यावर तह झाला. छापलेल्या एकशेचाळीस प्रती, पुन्हा छापायला वेळ नाही, म्हणून ‘पारंपरिक भूपाळी’ खोडून हातानं नाव लिहायचं ठरलं. लेक, मी आणि नातू जेवणाच्या टेबलावर बसलो. लेकीचं अक्षर सुवाच्य. माझं फळ्यावरचं, मोठं, ओळीबाहेर जाणारं. नातवाचं मराठी अजून चाचपडतं. त्यानं आधी ‘देसाइ’ लिहिलं, मी दीर्घ कर म्हटलं. वीसेक प्रतींनंतर त्याचा हात दुखायला लागला तेव्हा तो नुसतंच ‘वसंत’ लिहू लागला.

मी म्हटलं, “अरे, नुसतं वसंत कसं चालेल? मराठीत तीन वसंत आहेत. वसंत पवार म्हणजे ‘सांगत्ये ऐका’वाले. वसंत प्रभू म्हणजे आपल्या ठाण्याच्या पी. सावळारामांच्या गाण्यांना चाली देणारे. आणि हे देसाई. लोकांना कळायचं कसं?”

त्यानं विचारलं, “तुला कळत होतं?”

मी पुढची प्रत ओढली आणि लिहायला लागले. लेक माझ्याकडे बघत नव्हती, पण तिचे खांदे हसत होते.

मग त्यानं आणखी विचारलं, “आजी, गाणं इतकं आवडलं की लोक बनवणाऱ्याला विसरले, तर त्याला वाईट वाटतं की बरं वाटतं?” मी म्हटलं, उद्या सांगते. तो उद्या म्हणजे आज. सकाळपासून तो दोनदा येऊन विचारून गेला. तिसऱ्या रांगेत बसलाय, निळा कुर्ता. आत्ताही माझ्याकडेच बघतोय.

तेव्हा ज्यांच्या पत्रिकेवर नुसतं ‘वसंत’ आलंय त्यांनी शेजारच्याची पत्रिका बघा. शेजारच्याच्याही ‘वसंत’च असेल तर चहाच्या टेबलावर पेन ठेवलेलं आहे. आणि काका, तुम्ही चमचा वाजवताय ते मला दिसतंय.