दिवाडी : नदीपल्याडचा मुलूख

जुन्या गोव्याच्या धक्क्यावरून फेरीबोट सुटते. दुचाक्या, भाजीच्या पिशव्या, दप्तरं सांभाळणारी पोरं. समोर मांडवीच्या पात्रात दिवाडी बेट. कोकण रेल्वेचा पूल बेटावरून गेलाय खरा, पण गाडी इथं थांबत नाही. धडधडत निघून जाते.

१५१० मध्ये आफोन्सो द आल्बुकर्कनं गोवा जिंकलं आणि दिवाडी पोर्तुगीज मुलखात गेली. बेटावरच्या नार्वे गावी सप्तकोटेश्वर होता, कदंब राजांचं कुलदैवत. सोळाव्या शतकात ते देऊळ पाडलं गेलं. भाविकांनी देव नदीपार नेला. पलीकडे डिचोली, तिथं अंमल आदिलशहाचा. मधे नदीचं एवढंसं पात्र, पण पोर्तुगीजांचा हुकूम त्या काठावर चालत नव्हता. देव गेला तिथल्या गावाचं नावही नार्वेच. १६६८ मध्ये शिवाजी महाराजांनी त्या देवळाचा जीर्णोद्धार करवला. शके १५९०, कार्तिक वद्य पंचमी, सोमवार : शिलालेख आजही तिथं आहे.

इकडे बेटावर, पिएदादच्या टेकडीवर चर्च. शेजारच्या दफनभूमीत कदंबकाळातलं कोरीव काम अजून उभं आहे. त्याचंच चॅपेल झालं.

पाहुणे बहुधा चर्चचे फोटो काढून परततात. खाली खाजनात, म्हणजे बांध घालून राखलेल्या खारजमिनीत उतरावं, असं आमचं मत. मातीचे बांध खारं पाणी अडवतात. बांधात मानस, म्हणजे लाकडी दारं. भरतीच्या रेट्यानं ती मिटतात, ओहोटीला आपसूक उघडतात. आत कोरगुट पिकतो, खारवट जमिनीत तग धरणारा भात. ही सगळी व्यवस्था गावकरी संस्थेची, म्हणजे गावची जमीन सामायिक सांभाळणाऱ्या मंडळाची, पोर्तुगीज येण्याआधीपासूनची. १५२६ च्या फोरालनं, म्हणजे पोर्तुगीज सनदेनं, तिचे रिवाज कागदावर आणले, सरकारचा सारा पक्का केला. बांध फुटला की चिखलात उतरायचं ते मात्र गावानंच.

आणि ऑगस्टमधला बोंदेरा. सांगतात की गावागावांत हद्दीचे तंटे होते, म्हणून पोर्तुगीजांनी हद्दीवर झेंडे रोवले. लोकांनी ते पाडले. आता त्याचा उत्सव झालाय. चित्ररथ, बँड, रंगीत झेंडे, आणि पोरांच्या हातात फोटाश, बांबूची बंदूक. गोळी म्हणून रानफळं. नेम झेंड्यावरच धरतात. चुकला, तर ज्यानं त्यानं आपलं डोकं सांभाळावं.