स्कूबीला बोलतं करणारी जोडी

चांदणी रात्र, सुनसान रस्ता. मधेच एक पिकअप गाडी उभी. शॅगी नावाचा पोरगा आणि त्याचा कुत्रा स्कूबी दबकत आत डोकावतात, तर ड्रायव्हरच्या जागी काळं चिलखत बसलेलं. आत माणूसच नाही!

१३ सप्टेंबर १९६९. अमेरिकेत सीबीएस वाहिनीवर ‘स्कूबी-डू’ या कार्टून मालिकेचा पहिला भाग लागला. चार पोरं आणि त्यांचा कुत्रा भुताखेतांच्या रहस्यांचा छडा लावतात, अशी ही गोष्ट. ही मालिका रचली जो रुबी आणि केन स्पीअर्स यांनी.

हॅना-बार्बेरा या कार्टून बनवणाऱ्या स्टुडिओत दोघं भेटले ते साउंड एडिटर म्हणून. दाराची करकर, पावलांची चाहूल, कुणी आपटलं की धाडकन. हे सगळं चित्रावर नेमक्या जागी बसवायचं. मला वाटतं, त्यांच्या लेखनाची खरी शाळा हीच. किंकाळी कुठे आणि हशा कुठे, हे त्यांच्या कानांना आधी कळलं, लेखणीला नंतर.

तेव्हा कार्टूनमधल्या मारामारीवर तिथले पालक संतापले होते. सीबीएसचे कार्यक्रम ठरवणाऱ्या फ्रेड सिल्व्हरमन यांना हवं होतं मारामारीविना रहस्य. पण पहिला आराखडा वाहिनीच्या वरिष्ठांना फारच भीतिदायक वाटला. नापसंत! दोघं पुन्हा लिहायला बसले. आधी पोरांच्या बँडमध्ये बोंगो वाजवणारा कुत्रा आता पुढे आला, भित्रा आणि खादाड. चित्रकार इवाओ ताकामोटो यांनी ग्रेट डेन जातीचा अस्सल कुत्रा कसा असतो ते नीट विचारून घेतलं, आणि काढला बरोब्बर उलटा: पाय फेंगडे, हनुवटी लोंबती.

आणि भूत? पहिल्या भागात त्या काळ्या चिलखतातलं भूत निघालं संग्रहालयाचा क्युरेटर, अस्सल चित्रं लांबवून नकली टांगणारा. ‘भूतबित काही नसतं’ एवढं सांगून घाबरलेल्या पोराची भीती जात नाही, हे आपण घरोघरी पाहतो. या लेखकांनी पोरांना माग काढायला लावला, मुखवटा ओढायला लावला. म्हणून मला ही मालिका इतकी मोलाची वाटते.

१९७७ साली दोघांनी स्वतःची रुबी-स्पीअर्स प्रॉडक्शन्स काढली. पुढच्याच वर्षी ‘फँगफेस’ आली. चंद्र दिसला की लांडगा होणारा मुलगा, सोबत मित्र, आणि पुन्हा रहस्यच! त्या वळणावर त्यांचा जीव होता.

ऑगस्ट २०२० मध्ये रुबी गेले, वय ८७. नोव्हेंबरात, ८२ व्या वर्षी, स्पीअर्स.