नोकरी सांभाळून गायलेला पराशर

नमस्कार मंडळी. वडे तळून होईपर्यंत बोलायचं, अशी सचिवांची अट आहे, म्हणून थेट संगीत नाटकातले गायक-नट रामदास कामत यांच्याकडे वळतो.

माझं लहानपण पार्ल्यात गेलं. रेडिओवर 'मुंबईचा जावई' सिनेमातलं 'प्रथम तुज पाहता' लागलं की बाबा दाढीचा ब्रश हातात धरून तसेच उभे. गालावरचा फेस वाळायचा. हे गाणारा माणूस एअर इंडियात नोकरी करतो, हे कळल्यावर मी विचारलं होतं, "मग गातात कधी?" बाबा म्हणाले, "ऑफिस सुटल्यावर. मी नाही का भाजी आणत?"

कामत मूळचे म्हापशाचे. जन्म १८ फेब्रुवारी १९३१चा. थोरले भाऊ उपेंद्र यांच्याकडे गाण्याची सुरुवात, पुढे गोविंदराव अग्नी, जितेंद्र अभिषेकी. भावगीतासाठी यशवंत देव. नोकरीसाठी मुंबईत आले. पोटासाठी गोवा सोडणारा माणूस एक वेळ छत्री विसरेल, नाट्यपद विसरायचा नाही.

आणि मग १९६४ साली 'मत्स्यगंधा'. नाटक वसंत कानेटकरांचं, संगीत अभिषेकींचं. पण रंगमंचावर आणलं कुणी? गोवा हिंदू असोसिएशनने. म्हणजे मुंबईतल्या गोवेकरांच्या मंडळाने! आपल्यासारखंच मंडळ हो ते. आपण मात्र हॉलचं भाडं वाढलं की आधी नाटक कापतो, जेवणाला हात लावत नाही. (हशा)

जुन्या संगीत नाटकात पद सुरू झालं की कथा विंगेत पान खायला जायची. वन्समोअर संपले की परत यायची. अभिषेकींनी पदं आटोपशीर केली. कामतांचा पराशर ऋषी 'गुंतता हृदय हे' म्हणत अडकतो आणि 'साद देती हिमशिखरे' म्हणत निघून जातो. जीव जडणं आणि सोडून जाणं, दोन्ही गाण्यातच होतं. समोर आशालता वाबगावकरांची सत्यवती, म्हणजेच मत्स्यगंधा. दोनच वर्षांनी 'ययाति आणि देवयानी', त्यातलं 'तम निशेचा सरला' तुम्हा सगळ्यांना पाठ आहेच.

आता खरं सांगू? कामत आधी गायक, मग नट. मी त्यांचा चाहता म्हणूनच हे म्हणू धजतो. गिरगावच्या साहित्य संघाच्या नाट्यगृहात मी त्यांना ऐकलं तेव्हा आमची जागा अगदी मागे, डोक्यावर पंख्याची घरघर. तिसऱ्या घंटेआधी पडद्यामागून तबल्यावर हातोडीचे ठोके ऐकू येत होते. पडदा वर गेला. हातवारे बेताचेच. पण एकेक अक्षर असं स्वच्छ यायचं की शेजारच्या आजींनी कानामागे धरलेला हात खाली घेतला.

२००९ साली बीडच्या नाट्यसंमेलनाचं अध्यक्षपद त्यांच्याकडे होतं. ८ जानेवारी २०२२ला मुंबईत ते गेले. बातमी फोनवर आली तेव्हा मी ऑफिसातून घरी पोचलो होतो, बाहेर बर्फ. 'साद देती हिमशिखरे' लावलं आणि गाडीतच बसून राहिलो. बायको दारात येऊन दोनदा हाक मारून गेली.

पेटीवाले खुणावताहेत. वडेही झाले असावेत.