गाळून आणतो!

नमस्कार, श्रोतेहो. नाटकाच्या जाहिरातीत ज्याचा फोटो नसतो आणि नाव असलंच तर ‘आणि’च्या पुढे असतं, त्या विनोदी नटाबद्दल आज बोलू. घरचा गडी, वरच्या मजल्यावरचे काका, कानाने अधू पोस्टमन. एंट्र्या चार-पाच, वाक्यं मोजकी. पैसे ‘नाईट’चे, म्हणजे दर प्रयोगामागे. प्रयोग झाला तर नाईट, रद्द झाला तर घरचा चहा.

अशा नटाला सगळंच यावं लागतं. राजा गोसावी नायक होण्याआधी ऑफिसबॉय होते, सुतारकाम, रंगभूषा, प्रकाश अशा खात्यांत फिरले, पुण्यात ‘भानुविलास’ चित्रपटगृहाच्या खिडकीवर तिकिटंही विकली. हल्ली मात्र कॉलर माइक लावला की झालं! शेवटच्या रांगेपर्यंत आवाज फेकायची सवयच गेली. असो.

विनोदी नटाचं खरं काम थांबण्याचं. हशा चढत असताना पुढचं वाक्य टाकलं तर ते बुडतं. पूर्ण विरल्यावर टाकलं तर प्रयोग थंड पडतो. हशा उतरायला लागला की बोलायचं. पुन्हा सांगतो, चढताना नाही, विरल्यावर नाही, उतरताना. आपल्या नाशिकच्या मोठ्या कालिदास नाट्यगृहात ही थांबण्याची वेळ वेगळी, लहान साईखेडकर नाट्यगृहात वेगळी. मोठ्या नाट्यगृहात मागच्या रांगा जरा उशिरा हसतात.

आणि दुसरं म्हणजे मिशी. वरचा ओठ स्पिरिटने पुसायचा, तेलाचा अंश राहता कामा नये. मिशी चिकटवायच्या डिंकाचा, म्हणजे ‘गम’चा, पातळ हात द्यायचा, तो चिकट होईपर्यंत थांबायचं, मग मिशी ठेवून ओल्या फडक्याने दाबायची. घाई केली, ओला गम असतानाच मिशी ठेवली, की घामाबरोबर सरकलीच.

नाटकवाले एक किस्सा फार रंगवून सांगतात. मे महिना, हाऊसफुल्ल प्रयोग. गडी चार कपांचा ट्रे घेऊन आत येतो आणि मिशीचं डावं टोक सुटतं. दोन्ही हात ट्रेला, दाबणार कशी? त्याने ओठ आवळून धरला. पण त्याला वाक्य होतं, ‘साहेब, चहा.’ ‘चहा’ म्हणताना तोंड उघडलं आणि मिशी थेट पहिल्या कपात. आता तालमीत ठरलेलं असं, की नायक पहिलाच कप उचलणार. सवयीने उचललाही. ओठांपर्यंत नेला, आत पाहिलं, आणि थिजला. गड्याने कपात पाहिलं, नायकाकडे पाहिलं आणि अदबीने म्हणाला, ‘साहेब, गाळून आणतो.’

नाट्यगृह कोसळलं. नायक प्रेक्षकांकडे पाठ करून उभा, खांदे गदगदताहेत. गडी शहाणा, एक अक्षरही जास्त बोलला नाही. हशा उतरेपर्यंत उभा राहिला, कप ट्रेमध्ये ठेवून घेतला आणि निघाला. विंगेत रंगभूषाकार जादा मिशी घेऊन तयार. पुढच्या एंट्रीला मिशी जागेवर! त्या मिशीला एंट्रीची टाळी मिळाली म्हणतात.

दिग्दर्शकाला मोह झाला. ‘हे ठेवू या,’ म्हणाला. दुसऱ्या प्रयोगाला मुद्दाम कमी गम लावला. मिशी दारातच पडली. तिसऱ्याला अगदी बरोबर कपात पडली, वाक्य तेच, थांबणंही तेच. हशा आला तो लग्नातल्या टाळ्यांसारखा, रीत म्हणून. कारण नायकाला कपात काय आहे ते आधीच माहीत होतं. पहिल्या दिवशी लोक मिशीला हसलेच नव्हते, तो चहा खरंच प्यावा लागणार या भीतीने झालेल्या नायकाच्या चेहऱ्याला हसले होते. विनोदी नटाचा हशा समोरच्याच्या चेहऱ्यावर पिकतो, श्रोतेहो. समोरच्याच्या चेहऱ्यावर.

चौथ्या प्रयोगापासून मिशी पुन्हा घट्ट. प्रयोग संपला की गड्याने कडेकडेने स्पिरिट लावून ती सावकाश सोडवायची. ओढली तर खालची जाळी फाटते. मग ती पुसून डबीत, आणि कसारा घाट उतरणाऱ्या बसमध्ये मागची सीट. नाइटचं पाकीट तेवढं बसमध्ये चढण्याआधी मागून घ्यायचं. नमस्कार.